भाईजींची मुकी पोथी

जालन्याच्या आडत बाजारात रस्त्याकडे पाठ करून बसणारा शेठ एकच होता, भाईजी. बाकीचे सगळे गादीवर रस्त्याकडे तोंड करून बसत. येणारी गाडी कुणाची, बैल कुणाचे, कापूस कोणत्या गावचा हे लांबून ओळखण्यातच त्यांचं निम्मं शहाणपण होतं. भाईजींच्या समोर मात्र भिंत. भिंतीला एक खुंटी, खुंटीला पुन्हा कधीही न घातलेली गुलाबी पगडी. शेतकरी मागे येऊन खाकरला की ते मान न वळवता विचारत, "कुठला माल हाये?" आणि पुढचं सगळं मुनीम बघून घेई. नव्या पोरांना वाटायचं, शेठच्या डोळ्यांना काही दुखणं असेल. कुणी म्हणे, ज्योतिषानं सांगितलंय. मला खरं कारण माहीत आहे, कारण त्यांची पाठ फिरली त्या दिवशी मी त्यांच्या शेजारी त्याच बाकावर बसलो होतो.

तेच सांगायचं आहे, पण ते एकदम सांगून भागायचं नाही. पाठ फिरवण्याआधी या माणसानं आयुष्यभर बघण्याशिवाय दुसरं काहीही केलं नव्हतं, हे आधी कळायला हवं.

मी तेव्हा स्टेशनजवळच्या मैदानात तंबूतल्या सिनेमाचं मशीन चालवायचो. आमचं सगळं खानदान शेतकरी. भोकरदनकडची काळी जमीन सोडून मी मशीनला लागलो म्हणून वडील कितीतरी दिवस माझ्याशी बोलले नव्हते. त्यामुळे घरच्यांनी ओवाळून टाकलेल्या माणसाबद्दल मला पहिल्यापासूनच ममत्व आहे. बोलपट आले होते आणि मुक्या सिनेमाचं सामान मुंबईत भंगाराच्या भावानं निघत होतं. त्यातलाच एक हातानं फिरवायचा कॅमेरा भाईजींनी उचलून आणला. जालन्याच्या मस्तगड भागातलं त्यांचं घर पिढीजात सरकी-तुरीच्या धंद्यातलं, मारवाडातून कधी आले ते त्यांनाही सांगता येत नसे. अशा घरातला थोरला मुलगा लाकडी पेटी आणि तिपाई बैलगाडीत टाकून नंदीबैलवाल्यांच्या मागे हिंडतो म्हटल्यावर बाजारानं काय म्हणायचं ते म्हटलं.

पहिल्यांदा ते तंबूत आले ते तुटलेली फिल्म जोडायला कोणता डिंक लागतो ते विचारायला. मी ती पट्टी उजेडाला धरली. तिच्यावर नुसतं एका बैलाचं ढुंगण होतं, झूल घातलेलं, आणि ते हळूहळू लांब जात होतं.

"हे काय?" मी म्हणालो.

"नंदीबैल."

"पुढून नाही काढला?"

"पुढून काढला असता तर त्यानं माझ्याकडं पाह्यलं असतं. मंग तो त्याच्या कामाचा न्हाई ऱ्हात, माझ्या कामाचा होतो."

मी हसलो. ते हसले नाहीत. त्या दिवसापासून ते मला 'मशीनवाले' म्हणू लागले आणि मी त्यांना सगळ्या गावासारखं भाईजी.

कुणालाही 'असा उभा राहा', 'तसा बघ', 'पुन्हा एकदा कर' असं ते कधी म्हणाले नाहीत. पेटी मांडायची आणि बाजूला उकिडवं बसायचं. सगळ्यांना सांगायचं, "मी न्हाई असं समजा." आता गुलाबी पगडीचा, सोन्याची भिकबाळी घातलेला धष्टपुष्ट शेठ समोर बसलेला असताना तो नाही असं कोण समजणार? भटक्यांच्या पालावरची माणसं आपलं काम सोडून त्यांच्याच तोंडाकडे बघत बसायची. मग भाईजींनी आधी भिकबाळी काढली, मग पगडी खुंटीला टांगली, शेवटी पांढरी धोतरं चिखलाच्या पाण्यात बुडवून मातकट करून घेतली. त्यांच्या पत्नी, आमच्या भाभी, माझ्याजवळ रडल्या होत्या. "ह्यांचे वडील जिन्दा असताना हे बिनापगडीचं हिंडून राह्यले, लोक काय समजतील?" भाईजींचं उत्तर ठरलेलं, की लोकांनी काही समजूच नये, म्हणून तर काढली.

त्यांचे वडील एकदा मला दुकानावर बोलावून म्हणाले होते, "तुमी समजदार आहात. त्याला एवढंच विचारा, जे फुकट आपल्या दारात येतं त्याचा फोटू काढायला एवढा खर्चा कशाला?" मी विचारलं. भाईजी म्हणाले, "येतं तोपर्यंत कशाला काढायचा? बरोबर हाये त्यांचं. पण यायचं थांबून राह्यलंय ते त्यांना दिसत न्हाई. आमच्या लहानपणी दर सकाळी कुणीतरी यायचं. आता आठ-आठ दिवस दार सुनं ऱ्हातं."

कॅमेऱ्याचं हँडल एका चालीत फिरावं लागतं. चाल चुकली की पडद्यावर माणसं एकदा पळतात आणि एकदा पाय ओढतात. मुंबईचे लोक त्यासाठी मनात आकडे मोजत म्हणे. भाईजी घरचा धंदा मोजत. हँडल फिरवताना ते पुटपुटायचे, "सरकी, तूर, सरकी, तूर." प्रत्येक फेऱ्याला एक माल. हे त्यांचं वडिलांना दिलेलं एकमेव समाधान असावं. समोर कडकलक्ष्मी अंगावर आसूड ओढतेय, डफडं वाजतंय, बाया घाबरून पोरांना पदराखाली घेतायत, आणि या गलक्यात एका झाडाच्या आडून अगदी शांत आवाजात सरकी, तूर, सरकी, तूर.

जैन माणूस. सूर्य मावळला की पाणीसुद्धा नाही. पालावर सशाचं कालवण शिजत असायचं आणि हे शेजारी बसून खाखरा मोडत असायचे. एकदा कुणा शहाण्यानं त्यांना सांगितलं की फिल्मवरचा लेप जनावरांच्या हाडांपासून करतात. भाईजी पांढरे पडले. मला येऊन विचारलं, मी हो म्हणालो, खोटं कशाला सांगू. ते घरी गेले. मला वाटलं संपलं सगळं. पण चार दिवसांनी पुन्हा पेटी घेऊन निघाले. त्या वर्षापासून पर्युषणात ते सगळ्यांपेक्षा एक उपास जास्त करू लागले. भाभींनी कारण विचारलं तर म्हणाले, "एक हिशोब बाकी हाये." तो उपास फिल्मचा होता, हे घरात कुणालाच शेवटपर्यंत कळलं नाही.

नशीब मात्र या उपासाला कधी धार्जिणं झालं नाही. कोरी फिल्म मुंबईहून मनमाडमार्गे यायची. एकदा वाटेतल्या कुठल्याशा नाक्यावरच्या शिपायानं डब्यात अफू असेल म्हणून डबा भर उन्हात उघडला, फिल्म बाहेर ओढली, झटकली, आत काही लपवलेलं नाही अशी खात्री झाल्यावर पुन्हा नीट गुंडाळून ठेवली आणि वर माफीही मागितली. उजेड लागून सगळी फिल्म वाया गेली होती. फिल्म धुवायचं काम भाईजी घरीच करायचे, धान्याच्या जमिनीखालच्या पेवात अंधार करून, लाकडी चौकटीवर फिल्म गुंडाळून हौदात बुडवून. एका वैशाखात पाणी इतकं तापलं की फिल्मवरचा लेप सुटून हौदात तरंगू लागला. एका बहुरूप्याचा सबंध चेहरा पाण्यावर आला, म्हणाले, आणि हळूहळू विरला. ते हौदाच्या काठावर बसून तो विरेपर्यंत बघत राहिले होते. मला हे सांगताना त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं, पण तरीही शेवटी म्हणाले, "फार सुंदर विरला, मशीनवाले."

एवढं सगळं होऊनही काही रिळं तरली. गोल पत्र्याच्या डब्यांत भरून ती पेवात ठेवलेली असायची. एवढीच त्यांची कमाई होती. ती कुणीतरी पुढे बघावी, आपण नसू, ही माणसं नसतील, तेव्हा बघावी, यापलीकडे त्यांना काही नको होतं.

ती रिळं पडद्यावर एकदाच लागली. उन्हाळ्यात कापसाचं गोदाम रिकामं पडलेलं असतं. भाईजींच्या डोक्यात आलं की ज्यांची चित्रं काढली त्यांनाच आधी दाखवायची. मी म्हणालो, "भाईजी, ही फिल्म ठिणगीनं पेटते आणि तुम्ही ती कापसाच्या गोदामात दाखवणार. मला आताच बेड्या घाला." त्यांनी वाळूच्या बादल्या रांगेनं मांडल्या आणि गोदाम स्वतःच्या हातानं झाडून काढलं. भर दुपारी दारं लावून आम्ही पडदा बांधला. बाहेर विजेचं इंजिन धडधडत होतं. नंदीबैलवाला आला होता, कडकलक्ष्मीवाली आली होती, बहुरूपी आला होता, आणि परतूरजवळ दुधनेच्या काठी राहणारा एक म्हातारा चित्रकथी आपल्या सुनेला घेऊन आला होता.

चित्रकथी म्हणजे रामायण-महाभारताची मोठमोठी रंगवलेली चित्रं घेऊन गावोगाव हिंडणारा माणूस. एकेक चित्र उचलून धरायचं आणि तुणतुण्यावर त्याची कथा लावायची. चित्रांच्या त्या सगळ्या चवडीला ते पोथी म्हणतात. या म्हाताऱ्याच्या पोथीचे रंग अजून पेटलेले होते. मुलगा मात्र जिनिंगमध्ये हमाली करायला निघून गेला होता. उरली होती सून, गिरजा. बायकांनी पोथी लावायची पद्धत नाही, म्हणून ती मागे बसून फक्त चित्रं क्रमानं हातात द्यायची.

मी मशीन सुरू केलं. पहिल्याच रिळात पिंगळा होता. पिंगळा येतो पहाटेच्या काळोखात, कंदील घेऊन, गात. फिल्मला उजेड लागतो आणि आवाज तर तिला कळतच नाही. त्यामुळे पडद्यावर मिट्ट काळोखात एक ठिपका खालीवर हलत होता.

"पिंगळा बघा," भाईजी अभिमानानं म्हणाले.

"कंदील दिसतोय नुसता," मी म्हणालो.

"तोच."

मग बैल आला, आसूड आला, बहुरूपी आला. बहुरूप्यानं स्वतःला पाहून पहिल्यांदा मिशीला हात लावला. पण थोड्या वेळानं सगळे चुळबुळू लागले. तोंडं हलत होती आणि शब्द नव्हते. कडकलक्ष्मीवाली हळूच म्हणाली, "मेल्यावानी दिसून राह्यलो आपुन." भाईजींनी ते ऐकलं. काळोखातही त्यांची मान खाली गेलेली मला दिसली.

तेवढ्यात म्हातारा चित्रकथी उठला. पडद्याच्या बाजूला जाऊन उभा राहिला, तुणतुणं छेडलं आणि पोथी लावतात तशी त्यानं ती चित्रं लावायला सुरुवात केली. हा पिंगळा, याच्या कंदिलात रात्रीचं शेवटचं तेल. ही लक्ष्मीची लेक, हिच्या पाठीवर गावाचं पाप. समोर जे जे येईल त्याला तो तिथल्या तिथे शब्द देत गेला. त्याची स्वतःची छबी आली तेव्हा तो क्षणभर थबकला आणि म्हणाला, "हा एक म्हातारा. हा दुसऱ्याची गोष्ट सांगतो." लोक रडत होते आणि हसतही होते. मी इतके सिनेमे दाखवले, तशी दुपार मला पुन्हा कधी मिळाली नाही.

शेवटी म्हातारा भाईजींना म्हणाला, "भाईजी, ही तुमची पोथीच हाये. पन मुकी हाये. हिला सांगनारा लागंल. बिनासांगनाऱ्याची चित्रं घरात ठिवू न्हाईत, उपाशी ऱ्हातात ती."

भाईजींनी वाकून त्याच्या पायाला हात लावला. गिरजा मागे उभी राहून हे सगळं ऐकत होती.

पुढच्या पावसाळ्यानंतर म्हाताऱ्याचा निरोप आला. पालाला गळती लागून त्याची पोथी भिजली होती. चित्रं भिजली, फाटली, जीर्ण झाली, की त्या लोकांत ती ठेवत नाहीत. देवाची चित्रं असतात, त्यांना नैवेद्य दाखवून नदीत सोडतात. सोडताना प्रत्येक चित्र शेवटचं उचलून धरायचं, त्याची गोष्ट थोडक्यात सांगायची आणि पाण्यावर ठेवायचं. भाईजी पेटी घेऊन निघाले आणि तिपाई उचलायला मला बरोबर घेतलं.

दुधनेला मध्यम पाणी होतं. म्हातारा गुडघाभर पाण्यात उभा होता, गिरजा काठावरून एकेक चित्र देत होती. मी जवळून पाहिली ती चित्रं. कडा कुजल्या होत्या हे खरं, पण मधले रंग जसेच्या तसे होते. एका चित्रात सीतेच्या लुगड्याचा हिरवा असा काही होता की मला राहवेना. मी भाईजींच्या कानाशी गेलो.

"भाईजी, मागून घ्या. सगळी नको, चार तरी. तुम्ही मागितली तर तो नाही म्हणणार नाही."

ते हँडल फिरवत होते. "आपुन बघायला आलो. आडवायला न्हाई."

"अहो, पण ती जातायत."

"जातात कुठं? इकडं येऊन राह्यली." त्यांनी डाव्या हातानं पेटीवर थाप मारली. "सरकी, तूर, सरकी, तूर."

मला इतका राग आला की परतीच्या वाटेवर मी त्यांच्याशी एक शब्द बोललो नाही. ते मात्र खुशीत होते. त्यांच्या मते त्या दिवशी काहीही बुडालं नव्हतं. ते रीळ त्यांनी धुतलं, थंडीचे दिवस होते म्हणून उत्तम उतरलं. मला बघायला बोलावलं, मी रागानं गेलो नाही, आणि पुढे राहूनच गेलं.

मग अठ्ठेचाळीस साल आलं. त्या सालाबद्दल आमच्याकडे कुणी फार बोलत नाही. गावं ओस पडत होती, लोक बायकापोरांना संस्थानच्या सरहद्दीपलीकडे पोहोचवत होते, रात्री कुठे ना कुठे आकाश लाल दिसायचं. तंबू बंद झाला होता. कॅमेरा बाळगणारा माणूस कुणालाच नको होता. सरकारी माणसांना वाटे तो चळवळवाल्यांना चित्रं पाठवतो, चळवळवाल्यांना वाटे सरकारला. पोलिसांचा एक अमीन दुकानावर येऊन चहा पिऊन गेला आणि जाताना म्हणाला, "शेठसाब, वो डिब्बे एक दिन देखेंगे." भाईजींनी भाभींना आणि मुलांना नातलगांकडे पाठवलं. स्वतः मात्र डब्यांपाशी बसून राहिले. झडती आली तर डबे जाणार होते, आग लागली तर डब्यांमुळे सगळी गल्ली जाणार होती.

शेवटी त्यांनी ठरवलं. "ज्याच्या पालात काहीच नसतं, त्याची झडती कोण घेईल? आणि सांगणारा पण तिथंच हाये."

सरकीच्या पोत्यांखाली डबे घालून त्यांनी बैलगाडी दुधनेच्या काठी नेली. म्हाताऱ्याला म्हणाले, "बाबा, तुमची पोथी गेली. आता ही सांभाळा." म्हाताऱ्यानं डबे कपाळाला लावून घेतले. कॅमेरा घरीच राहिला होता, तो पुढच्या महिन्यात अमीन घेऊन गेला. भाईजींना त्याचं काहीच वाटलं नाही. "यंत्र काय, दुसरं मिळंल," म्हणाले.

सप्टेंबरात फौजा आल्या आणि राज्य बदललं. रस्ते सुरू व्हायला, गाड्या धावायला आणखी काही दिवस गेले. पहिली गाडी सुटली तेव्हा आम्ही परतूरला उतरलो आणि पायी निघालो. वाटेत दोन जळकी गावं लागली. भाईजी लहान मुलासारखे पुढे पुढे चालत होते. नवीन कॅमेरा घ्यायचा, या गावांचं काढायचं, त्या बहुरूप्याला शोधायचं, असं बोलत होते. इतके बोलताना मी त्यांना कधी पाहिलं नव्हतं.

पाल जागेवर होतं. गिरजा एकटीच चुलीपुढे बसली होती. आम्हाला पाहून तिनं डोक्यावरचा पदर नीट केला.

"या भाईजी. लई उशीर झाला तुमाला."

"बाबा कुठं हायेत?"

"मामंजी पोळ्याच्या आदीच गेले. ताप आल्ता. दवा कुठून आनायची, रस्ते बंद." तिनं चुलीतलं लाकूड आत सारलं. "तुमची वाट पाह्यली मी. महिना पाह्यली. मंग पोथीला वास याया लागला, आंबल्यावानी. हात लावला की चिकट लागायची. जीर्ण झाली म्हनलं. सांगनारं तर कुनीच न्हाई राह्यलं घरात. उपाशी किती दिवस ठिवायची?"

मला कळलं. मी भाईजींकडे पाहिलं. ते उभेच होते.

"मंग?" त्यांनी विचारलं.

"मंग निवद दावला आन् सोडली. दुधनेला पूर व्हता, बराबर गेली. कुठं अडकली न्हाई."

मी तोंड उघडणार होतो. त्या बाईला काहीतरी भयंकर बोललो असतो मी. भाईजींनी माझा दंड धरला, इतक्या जोरात की पुढे कितीतरी दिवस वण होता.

"सोडताना सांगितलं का?" ते म्हणाले.

गिरजा लाजली. "बायांनी सांगायचं नसतं. पन मंग कोन सांगनार? गोदामात मामंजीनं सांगितल्यालं मला आठवत व्हतं. उन्हाकडं धरून धरून वळखलं. हळूच सांगितलं, कुनाला ऐकू न्हाई जाणार असं. हा पिंगळा, याच्या कंदिलात रात्रीचं शेवटचं तेल. ही लक्ष्मीची लेक. समदे सांगितले. मामंजीचं आलं तवा रडू आलं, पन सांगितलं."

"समदे?"

"एक ऱ्हायलं. त्याच्यात नदी दिसत व्हती आन् पान्यात कोनीतरी उभं. ते गोदामात दावलंच नव्हतं तुमी. मला ठावं नसलेलं कसं सांगू? ते तसंच सोडलं, मुकंच."

भाईजी खाली बसले. बसले म्हणण्यापेक्षा त्यांच्या अंगातलं उभं ठेवणारं काहीतरी निघून गेलं आणि ते जमिनीला टेकले. ते रीळ त्यांच्याशिवाय जगात कुणीही पाहिलेलं नव्हतं. सीतेचं हिरवं लुगडं त्यात होतं. अर्थात फिल्मवर ते हिरवं नव्हतंच, करडं होतं, पण तेवढ्या करड्यासाठी त्यांनी हिरवं वाहून जाऊ दिलं होतं.

तसेच बसून ते म्हणाले, "बराबर केलंस बाई."

तिच्या चेहऱ्यावरचं ओझं उतरलेलं मला स्पष्ट दिसलं. ती लगबगीनं आत गेली आणि फडक्यात बांधलेलं एक गाठोडं घेऊन आली. "तुमचे डबे. ते तुमचे म्हून न्हाई सोडले. राखेनं घासून ठिवलेत."

पत्रा चकाकत होता. वर चिकटवलेल्या नावाच्या चिठ्ठ्यासुद्धा तिनं खरवडून काढल्या होत्या, स्वच्छ दिसावं म्हणून. भाईजींनी एक डबा तिच्या भाकरीसाठी तिथेच ठेवला आणि बाकीचे उचलले. नदीकडे ते गेले नाहीत. वाटेनं चालताना रिकामे डबे एकमेकांवर वाजत होते, म्हणून त्यांनी गाठोडं छातीशी घट्ट धरलं. मी काहीतरी बोलायचं म्हणून बोललो, की भाईजी, ती फिल्म आंबलीच होती, नाहीतरी टिकली नसती. ते म्हणाले, "हौ." थोडं चालून गेल्यावर म्हणाले, "चार चित्रं मागून घ्यायला पाहिजे होती, मशीनवाले. तुमी म्हणला होता." त्यांच्या आवाजात माझ्यावरही राग नव्हता आणि स्वतःवरही. मला वाटतं, राग असता तर बरं झालं असतं.

परतूर स्टेशनात गाडीला वेळ होता. फलाटावर गर्दी होती, बोचकी घेऊन घरी परतणारी माणसं. आम्ही बाकावर बसलो. तेवढ्यात शिट्टी वाजली आणि एक मिलिटरीचा साहेब बूट आपटत आला. "हात वर. कोन हाये तिकडं? झडती द्या." बायका दचकून उठल्या. मग कुणाच्या तरी लक्षात आलं की साहेबाची बंदूक लाकडाची आहे आणि छातीवरचे बिल्ले सोडावॉटरच्या बाटल्यांच्या झाकणांचे आहेत. लोक हसले. त्या वर्षात मी फलाटावर ऐकलेलं ते पहिलं हसू होतं. तो आमचा बहुरूपी होता, गोदामात मिशीला हात लावणारा. वाचला होता आणि नवा वेष घेऊन कामाला लागला होता.

त्यानं भाईजींना ओळखलं. सलाम ठोकून समोर उभा राहिला. "भाईजी, जिन्दा हायेत का? पेटी कुठाय? काढा की माजं. असला वेष अजून कुनीच न्हाई काढला. बिलकुल नवा हाये."

भाईजींनी त्याच्याकडे एकदा पाहिलं. आणि मग ते बाकावर पाय वर घेऊन पूर्ण वळले, तोंड स्टेशनच्या भिंतीकडे केलं. गाठोडं मांडीवर होतं.

बहुरूप्याला वाटलं, हाही खेळच. तो दुसऱ्या बाजूनं आला, बूट आपटले, शिट्टी फुंकली, भाईजींच्या पाठीला सलाम केला. पाठ हलली नाही. हळूहळू त्याचा आवाज उतरला. वाकून तो अगदी साध्या आवाजात म्हणाला, "रुसले का माझ्यावर? बघा तरी एकदा. एवढा रंगून आलो."

"नको दाखवू रे बाबा," भाईजी भिंतीला म्हणाले. "मी बघितलेलं काहीच ऱ्हात न्हाई."

बहुरूपी माझ्याकडे पाहू लागला. मी त्याच्या हातावर काहीतरी ठेवलं. त्यानं साहेबाची टोपी काढून काखेत मारली आणि तो पुढच्या बाकाकडे गेला.